सर्वे नकाशा, हद्द आणि दिवाणी दावा: गोव्यातील जमीनधारकांचे वारंवार विचारले जाणारे प्रश्न

शेजाऱ्याने गडगा पुढे सरकवला, भाटातली (बागायतीतली) वाट अडवली, सर्वेत भलत्याचेच नाव लागले. पेडणे, डिचोलीपासून काणकोणपर्यंतच्या दिवाणी कोर्टांत असे दावे वर्षानुवर्षे चालतात. त्यातले बरेच दावे हक्क नसल्यामुळे हरलेले नसतात. दस्तातली जमीन आणि नकाशातली जमीन एकच आहे हे दाखवायचे राहून जाते, आणि तिथे दावा पडतो. या माहितीत सगळ्यात जास्त भर त्यामुळेच त्या मुद्द्यावर आहे. ही सर्वसाधारण माहिती आहे. तुमच्या दाव्याबद्दलचा निर्णय कागद दाखवून तुमच्या वकिलांशी बोलूनच घ्या.

एक-चौदाच्या उताऱ्यावर (सर्वेच्या फॉर्म १ व १४ वर) माझे नाव आहे. मग जमीन माझीच ना?

नाव असल्याचा फायदा नक्की आहे, पण एवढ्यावरून मालकी ठरत नाही. गोवा, दमण व दीव जमीन महसूल संहिता, १९६८ च्या कलम १०५ नुसार हक्कनोंदणीतली नोंद विरुद्ध सिद्ध होईपर्यंत किंवा कायदेशीररीत्या नवी नोंद होईपर्यंत खरी धरली जाते. म्हणजे नोंद चुकीची आहे असे म्हणणाऱ्यावर ते सिद्ध करण्याचा भार येतो. तात्पुरत्या मनाई हुकुमाच्या टप्प्यावर तर या नोंदीला मोठे वजन असते, कारण कब्जा कोणाचा हे प्रथमदर्शनी पाहताना कोर्टासमोर आधी तोच कागद येतो.

मालकी मात्र नोंदीने निर्माण होत नाही आणि नोंद गेल्याने नष्टही होत नाही. महसुली नोंदी मुख्यतः महसुलासाठी असतात, हे सर्वोच्च न्यायालयाने अनेकदा सांगितले आहे. २०१४ मध्ये वासवी को-ऑपरेटिव्ह हाउसिंग सोसायटीच्या प्रकरणात न्यायालयाने आणखी एक जुने तत्त्व ठामपणे मांडले: वादीने स्वतःच्या हक्काच्या बळावर जिंकले पाहिजे. प्रतिवादीचा पुरावा दुबळा आहे, एवढ्याने वादीला हुकूमनामा मिळत नाही.

गोव्यात एकाच जमिनीचे इतके वेगवेगळे कागद का असतात?

इथे दोन राजवटींच्या नोंदी एकमेकींवर चढल्या आहेत. पोर्तुगीज काळात जमिनीची नोंद कोन्सेर्व्हातोरीत, म्हणजे भूनोंदणी कार्यालयात होत असे. तिथे 'देस्क्रिसांव' म्हणजे जमिनीचे वर्णन, आणि 'इन्स्क्रिसांव' म्हणजे ती कोणाच्या नावे आणि कशाच्या आधारे आहे याची नोंद. नुसता वर्णनाचा क्रमांक हातात असणे पुरेसे नाही, तुमच्या पूर्वजाच्या नावाची इन्स्क्रिसांवही शोधावी लागते. मात्रीज हा कराचा कागद. कर कोण भरत होता एवढे तो सांगतो, त्यावरून मालकी सिद्ध होत नाही. याशिवाय काही भागांचे जुने कडास्टर, म्हणजे पोर्तुगीज काळातल्या जमीन मोजणीचे नकाशे आहेत. कोमुनिदादच्या, म्हणजे गावकरी संस्थेच्या जमिनींचे आफोरामेंतचे (कायमच्या भाडेपट्ट्याचे) कागद निराळे. त्यांचा कारभार १५ एप्रिल १९६१ च्या 'दिप्लोमा लेजिस्लातिव्ह' क्रमांक २०७० ने आलेल्या संहितेप्रमाणे चालतो.

मुक्तीनंतर १९६८ ची जमीन महसूल संहिता आली आणि तिच्याखाली गावोगाव नवा सर्वे झाला. आजचा सर्वे नंबर, पोट-विभाग आणि फॉर्म १ व १४ ही त्याची देणगी. शहरी भागात सिटी सर्वे: तिथे पी.टी. शीट (नकाशाचा पान क्रमांक), चलता नंबर (जागेचा क्रमांक) आणि फॉर्म डी (उतारा). खरेदीखत, वाटपपत्र आणि इन्व्हेंटरीतला (वारसांच्या वाटणीच्या प्रक्रियेतला) हिस्सा हे हक्काचे कागद या सगळ्याहून वेगळे.

यातला प्रत्येक कागद वेगळ्या प्रश्नाचे उत्तर देतो. कोर्टात गोंधळ होतो तो एका कागदाकडून दुसऱ्याचे उत्तर मागितल्यामुळे.

आजोबांच्या दस्तात सर्वे नंबरच नाही, नुसत्या चार दिशा आहेत. आजच्या नंबराशी तो कसा जोडायचा?

सगळ्यात महत्त्वाचा प्रश्न हाच आहे. जुन्या दस्तात साधारण असे लिहिलेले असते: अमुक नावाचे भाट, पूर्वेला ओहोळ, पश्चिमेला तमक्याचे भाट, उत्तरेला वाट, दक्षिणेला कोमुनिदादची जमीन. क्षेत्रफळ बहुधा नसते. असले तरी ते अंदाजाने लिहिलेले असते.

सुरुवात नावापासून करा. आपल्याकडे प्रत्येक भाटाला, शेताला नाव असते आणि फॉर्म १ व १४ मध्ये त्या नावासाठी रकाना आहे. दस्तातले नाव आणि उताऱ्यातले नाव जुळले तर पहिला दुवा मिळाला. स्पेलिंग बदललेले असेल, कारण पोर्तुगीज कारकुनाने ते एका पद्धतीने लिहिले आणि सर्वेच्या कारकुनाने दुसऱ्या. ती तफावत दावापत्रातच सांगून टाका.

मग चारही बाजूंच्या सर्वे नंबरांचे उतारे काढा. हे काम बहुतेक जण करत नाहीत. तुमच्या दस्तात पश्चिमेला ज्याचे नाव आहे, त्याचे वारस आज पश्चिमेकडच्या सर्वे नंबरात कब्जेदार म्हणून दिसतात का? दिसत असतील तर त्यांच्या घरातला जुना दस्त पाहायला मिळतो का ते बघा. त्यात पूर्वेला तुमच्या आजोबांचे नाव असेल, तर तुमच्या म्हणण्याला दुसऱ्याच्या कागदाचा आधार मिळतो. तुम्ही स्वतः तयार न केलेला असा पुरावा उलटतपासणीत सहसा डळमळत नाही.

त्यानंतर न हलणाऱ्या खुणा: ओहोळ, तळी, देवराई, डोंगराचा कडा, जुनी पायवाट जी आता डांबरी झाली असेल. माणसांची नावे पिढीगणिक बदलतात, पण ओहोळ सहसा जागेवरच राहतो. खुणा आणि क्षेत्रफळ यांत विसंगती असेल तर कोर्ट सामान्यतः ठाम, ओळखता येणाऱ्या हद्दींना क्षेत्रफळापेक्षा जास्त मान देते.

जुना कडास्टर नकाशा उपलब्ध असेल तर भूमापन व भूमिअभिलेख संचालनालयाकडून तो आजच्या सर्वे नकाशावर चढवून घेता येतो. वकील याला सुपरइम्पोझिशन म्हणतात. दोन्ही नकाशांचे प्रमाण, आणि जुळवणीसाठी कोणते स्थिर बिंदू घेतले, हे त्या कागदावर लिहिलेले असायला हवे. स्थिर बिंदू सांगता आले नाहीत तर असा नकाशा साक्षीत टिकत नाही.

शेवटी ध्यानात घ्या: जुनी एक जमीन नव्या सर्वेत तीन नंबरांत विभागली गेलेली असू शकते, किंवा दोन मालकांच्या जमिनी एका नंबरात आल्या असतील. असे असेल तर दावापत्रात स्पष्ट लिहा की दस्तातली जमीन म्हणजे सर्वे नंबर अमुक पूर्ण आणि तमुकचा काही भाग, आणि तो भाग नकाशात रंगवून दाखवा. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ७, नियम ३ नुसार स्थावर मिळकतीचे वर्णन ती ओळखता येईल असे असले पाहिजे. हद्दी किंवा सर्वे नंबर उपलब्ध असतील तर तेही द्यावे लागतात.

सर्वेच्या वेळी भावांपैकी एकाचेच नाव लागले. बाकीच्यांचा हक्क गेला का?

नाही. थोरल्या भावाचे किंवा जो घरात राहत होता त्याचे नाव कब्जेदार म्हणून लागले, हे गोव्यात घरोघर आढळते. वारसा आणि पती-पत्नीची सामाईक मालमत्ता पोर्तुगीज नागरी कायद्यातून आलेल्या तत्त्वांनुसार ठरते, सर्वेच्या रकान्यावरून नाही. वारसांची वाटणी इन्व्हेंटरीत होते. त्यासाठी आता २०१२ चा गोवा उत्तराधिकार, विशेष नोटरी व इन्व्हेंटरी प्रक्रिया कायदा आहे. पण गप्प बसू नका. त्या एका नावावर कोणी खरेदीखत करून दिले, तर पुढे तुम्हाला तिऱ्हाईत खरेदीदाराशी झगडावे लागते.

दावा लावताना शेजाऱ्याच्या बायकोलाही प्रतिवादी करावे लागते का?

बहुधा हो. सामाईक मालमत्तेच्या पद्धतीत जमिनीत पत्नीचाही हिस्सा असतो. नवरा-बायको दोघांना पक्षकार करा. सहमालक असतील तर त्यांनाही. त्यांच्याशिवाय मिळालेला हुकूमनामा त्यांच्याविरुद्ध अंमलात आणताना अडचण येते.

मोजणी करून घेतली की अतिक्रमण सिद्ध होते ना?

कोणी, कधी, कशासाठी मोजणी केली, यावर ते अवलंबून आहे. भारतीय पुरावा कायदा, १८७२ च्या कलम ८३ नुसार सरकारच्या अधिकाराने तयार झालेले नकाशे अचूक मानले जातात. पण त्याच कलमात पुढे असे आहे की एखाद्या खटल्यासाठी मुद्दाम तयार केलेला नकाशा अचूक असल्याचे सिद्ध करावे लागते. म्हणून गावाच्या सर्वे नकाशाची प्रमाणित प्रत ही एक गोष्ट, आणि वाद सुरू झाल्यावर तुमच्या अर्जावरून झालेल्या मोजणीचा नकाशा ही दुसरी. हा दुसरा नकाशा सरकारी सर्वेअरने केला असला तरी सर्वेअरला साक्षीला बोलवावे लागते आणि त्याने उलटतपासणी दिली पाहिजे. खाजगी सर्वेअरचा असेल तर तर नक्कीच. १ जुलै २०२४ पासून नवा भारतीय साक्ष्य अधिनियम लागू आहे, पण त्या तारखेला प्रलंबित असलेल्या दाव्यांना जुनाच कायदा लागू राहतो.

सर्वेअरच्या अहवालात पाहायच्या गोष्टी: शेजाऱ्यांना नोटीस गेली होती का, मोजणी मूळ सर्वेच्या कोणत्या दगडांपासून किंवा कोणत्या स्थिर बिंदूंपासून सुरू केली, कोणते उपकरण वापरले, फील्ड बुक जपले आहे का, अतिक्रमणाची लांबी, रुंदी आणि क्षेत्र आकड्यांत दिले आहे का. अर्जदाराने दाखवलेल्या कोपऱ्यापासून सर्वेअरने मोजायला सुरुवात केली असेल, तर नकाशाला काही अर्थ उरत नाही. तो कोपराच वादाचा असतो.

नकाशात आणि जागेवर अर्ध्या मीटरचा फरक आला. हे अतिक्रमण का?

नकाशाचे प्रमाण आधी बघा. १:१००० च्या नकाशावर पेन्सिलीची अर्ध्या मिलिमीटरची रेघ म्हणजे जमिनीवर अर्धा मीटर. १:२००० असेल तर पूर्ण मीटर. त्यात कागद पावसाळ्याच्या दमटपणाने ताणला-आकसलेला, आणि झेरॉक्सवर झेरॉक्स काढलेली. आजची टोटल स्टेशन यंत्रे मिलिमीटरपर्यंत मोजतात, पण ज्या नकाशाशी ते मोजमाप ताडायचे त्याची मर्यादा यंत्र बदलल्याने बदलत नाही. एवढ्याशा फरकावर घराची भिंत पाडायचा दावा लावण्याआधी दहा वेळा विचार करा. त्याच्या कैक पट खर्च आणि वैर पदरी येते. पूर्वीपासूनचा गडगा जागेवर शाबूत असेल, तर तोच हद्दीचा जास्त भरवशाचा पुरावा ठरू शकतो.

कोर्ट कमिशनर कधी मागायचा?

आदेश २६, नियम ९ खाली कोर्ट स्थानिक पाहणीसाठी कमिशनर नेमते. खरा वाद हद्दीचा आणि मोजमापाचा असेल तेव्हा हा अर्ज द्यायलाच हवा. हरियाणा वक्फ बोर्डाच्या २००८ च्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले की शेजारच्या दोन जमिनींच्या सीमांकनाचा वाद असताना खालच्या कोर्टांनी स्थानिक कमिशनर नेमायला हवा होता.

पण कब्जा कोणाचा हे शोधून आणण्यासाठी कमिशनर मिळत नाही. तो पुरावा पक्षकारानेच द्यायचा असतो. अर्जात नेमके लिहा: कोणते सर्वे नंबर, कोणत्या नकाशांशी ताडायचे, कोणती भिंत किंवा मेर दाखवायची, सर्वेअर सोबत हवा. 'जागेची पाहणी करावी' एवढाच मोघम अर्ज दिला की मोघम अहवाल येतो, आणि मग त्यावर दोन्ही बाजू वर्षभर भांडतात.

कमिशनर येईल त्या दिवशी स्वतः हजर राहा. गैरहजर राहिलात तर तुमच्यामागे काम होऊ शकते. वकील आणि कागद बरोबर ठेवा, तुमच्या खुणा दाखवा, आणि काही नोंदवायचे राहिले तर तिथेच लेखी द्या.

कमिशनरचा अहवाल माझ्याविरुद्ध आला. संपले का?

नाही. नियम १० नुसार अहवाल पुरावा ठरतो, पण तो अंतिम शब्द नाही. हरकती लेखी घ्या, आणि कोर्टाच्या परवानगीने कमिशनरला तपासायला बोलवा. अहवाल असमाधानकारक वाटला तर कोर्ट पुन्हा चौकशी करायला सांगू शकते. 'अहवाल एकतर्फी आहे' एवढे म्हणून भागत नाही. कोणता बिंदू चुकला, कोणते माप सुटले, ते सांगा.

सर्वेतली नोंद मुळातच चुकली आहे. ती बदलायला कुठे जायचे?

लिहिताना झालेली चूक किंवा दोन्ही बाजूंना मान्य असलेली चूक महसूल अधिकाऱ्यांकडे दुरुस्त होते. खरेदी किंवा वारसा झाल्यावर म्युटेशनचा, म्हणजे नोंदीतले नाव बदलण्याचा अर्ज करायचा. पण दुसरा माणूस 'जमीन माझी' म्हणत असेल तर म्युटेशनची लढाई जिंकून फारसे हाती लागत नाही. मग दिवाणी दाव्यात हक्काची घोषणा आणि नोंद दुरुस्तीची मागणी करावी लागते. कब्जा दुसऱ्याकडे असेल तर तोही त्याच दाव्यात मागा. विशिष्ट अनुतोष अधिनियम, १९६३ च्या कलम ३४ प्रमाणे पुढची मागणी करणे शक्य असताना नुसतीच घोषणा मागितली तर ती मिळत नाही.

उताऱ्याच्या कूळ किंवा इतर हक्कांच्या रकान्यात कोणाचे नाव असेल तर आणखी एक गुंता आहे. कूळ आणि मुंडकार (मालकाच्या संमतीने त्याच्या जमिनीत घर करून राहणारा) असण्याचे प्रश्न अनुक्रमे १९६४ च्या कूळ कायद्याखाली आणि १९७५ च्या मुंडकार कायद्याखाली ठरतात, दिवाणी कोर्ट ते सरसकट ठरवत नाही. दावा लावायच्या आधीच त्या रकान्यांकडे नीट पाहा.

शेजाऱ्याचा गडगा पंधरा वर्षांपूर्वीचा आहे. आता काही करता येते का?

हक्काच्या आधारे कब्जा परत मागायची मुदत १२ वर्षे आहे (मुदत अधिनियम, १९६३, अनुच्छेद ६५). ती मोजायची ते प्रतिवादीचा कब्जा तुमच्या हक्काला विरोध करणारा झाला तेव्हापासून. नुसते वापरत राहणे म्हणजे विरोधी कब्जा नव्हे. तुमच्या परवानगीने कोणी नारळ काढत असेल तर त्याला हा दावा सांगता येत नाही. २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायमूर्तींच्या पीठाने मान्य केले की विरोधी कब्जाने हक्क मिळवलेला माणूस वादी म्हणूनही कोर्टात येऊ शकतो. म्हणून मोकळी पडलेली भाटे सांभाळणाऱ्यांनी, विशेषतः मुंबई-पुण्यात किंवा परदेशात राहणाऱ्यांनी, वर्षातून एकदा तरी हद्द पायी फिरावी आणि तारखेसह फोटो ठेवावेत.

पोर्तुगीजमधले कागद कोर्टात कसे द्यायचे?

मूळची प्रमाणित प्रत आणि अधिकृत अनुवादकाचा अनुवाद, दोन्ही. हाताने लिहिलेले जुने पोर्तुगीज वाचणारे फार थोडे राहिले आहेत, त्यामुळे हे काम शेवटच्या महिन्यावर टाकू नका. प्रत पणजीच्या पुराभिलेख खात्यातून किंवा नोंदणी कार्यालयातून स्वतः काढा, दलालाने आणून दिलेल्या झेरॉक्सवर भरवसा ठेवू नका. बनावट जुन्या दस्तांनी जमिनी हडपण्याचे इतके प्रकार पुढे आले की २०२२ मध्ये राज्य सरकारला त्यासाठी विशेष तपास पथक आणि निवृत्त न्यायमूर्तींचा चौकशी आयोग नेमावा लागला. समोरच्याने एखादा दस्त अचानक पुढे केला तर त्याची मूळ नोंद कार्यालयाच्या पुस्तकात आहे का ते तपासा.

खालच्या कोर्टात नकाशा द्यायचा राहिला. अपिलात देता येईल?

अपिलात नवा पुरावा आदेश ४१, नियम २७ च्या अटींत बसला तरच घेतला जातो, आणि 'वकिलाने दिला नाही' हे कारण सहसा चालत नाही. उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठापुढचे दुसरे अपील तर फक्त कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नावर चालते. तिथे हद्दीची मापे पुन्हा मोजली जात नाहीत. दुवा जोडायचा तो पहिल्याच कोर्टात, साक्ष सुरू होण्याआधी.

मनाई हुकूम मिळाला, पण शेजारी म्हणतो 'ही ती जागा नव्हेच'. आता?

हुकुमात नकाशा जोडलेला नसेल तर त्याच्या म्हणण्याला जागा राहते. म्हणून मागणीच्या परिच्छेदातच 'नकाशातील अ-ब-क-ड हा भाग' असे लिहावे आणि नकाशा हुकूमनाम्याचा भाग करून घ्यावा. अंमलबजावणीच्या दरखास्तीत कोर्ट हुकूमनाम्याच्या बाहेर जाऊ शकत नाही. मापे नसलेला हुकूमनामा हातात असलेले लोक नव्याने मोजणीचे अर्ज करत फिरताना पाहिले आहेत, आणि ते पाहवत नाही.

तडजोड करायची ठरली तर नकाशाचे काय?

तडजोडीच्या अर्जाला (आदेश २३, नियम ३) दोन्ही बाजूंनी सही केलेला नकाशा जोडा. सर्वेअरला बोलावून नव्या रेषेवर दगड पुरून घ्या आणि त्यांची मापे नकाशात लिहा. तडजोडीत दाव्याच्या बाहेरची जमीन येत असेल तर नोंदणीचा प्रश्न येतो, तो वकिलांना आधीच विचारा. हुकूमनामा झाल्यावर सर्वे नोंदीत पोट-विभाग आणि नवी हद्द चढवण्याचा अर्ज लगेच करा, आणि दुरुस्त झालेल्या नकाशाची प्रमाणित प्रत दोन्ही घरांत ठेवा.